ट्रकच्या कॅमेऱ्याला ८ टॉप्स पुरतील का? ब्रेकपासून मागे मोजत या

तुमचा प्रश्न मला कळला तो असा. चाकणजवळच्या एका लहान कंपनीत तुमची चौघांची टीम मालवाहू ट्रकसाठी काचेमागे बसणारा कॅमेरा बनवते आहे. समोर वाहन किंवा माणूस आला की आधी इशारा द्यायचा आणि पुढच्या टप्प्यात आपोआप ब्रेक लावायचा. हातात दोन पर्याय आहेत. एक टेक्सस इन्स्ट्रुमेंट्सची टीडीए४व्हीएम ही चिप, ८ टॉप्सची (टॉप्स हे चिपच्या गणिताच्या वेगाचं माप). दुसरं ग्राफिक्स प्रोसेसरवालं १०० टॉप्सचं डेव्हलपमेंट मॉड्यूल, ज्यावर तुमचं मॉडेल, म्हणजे प्रतिमेतलं वाहन-माणूस ओळखणारं सॉफ्टवेअर, आजच सेकंदाला ६० फ्रेम पळतं. साहेबांचं म्हणणं, मोठंच घ्या, पुढे कमी पडायला नको. तुम्ही विचारलंय, ८ मध्ये भागेल का?

मी १७ वर्षं पुण्यात गाड्यांच्या कॅमेरा-प्रणालींवर काम करते आहे, आणि हा प्रश्न दर वर्षी कुणीतरी विचारतंच. विचारणाऱ्यांची सुरुवात बहुतेक वेळा चिपपासून होते. मी तुम्हाला उलट्या बाजूने यायला सांगेन. ट्रक थांबायला किती मीटर लागतात, तिथून मागे मोजत चिपपर्यंत या. मग ८ की १०० हे ठरवणं तितकंसं अवघड राहत नाही.

हिशोब मांडू. भरलेला ट्रक, ताशी ८० किमी, म्हणजे सेकंदाला २२.२ मीटर. कोरड्या रस्त्यावर प्रति सेकंद ५ मीटर प्रति सेकंद इतका वेग कमी होतो असं धरलं, तर नुसतं ब्रेकिंगच ४९ मीटरचं झालं. ट्रकचे ब्रेक हवेचे. पाइपात दाब चढेपर्यंत साधारण ०.४ सेकंद जातो, तेवढ्यात ९ मीटर गेले. आणि कॅमेऱ्याने पाहिलं, मॉडेलने ओळखलं, तीन-चार फ्रेममध्ये खात्री करून घेतली, कॅन बसवर, म्हणजे गाडीतल्या कंट्रोलरांना जोडणाऱ्या तारांवर, ब्रेकची मागणी गेली, याला ०.३ सेकंद धरा. आणखी साडेसहा मीटर. एकूण ६५. ओल्या रस्त्यावर किंवा गुळगुळीत टायरवर हा आकडा आणखी वाढतो. तुमचा ट्रक कोणत्या वेगाला, किती वजनाला आणि कोणत्या ब्रेकला धरून चालायचा आहे यावर हे सगळं अवलंबून आहे, तेव्हा माझे आकडे उचलू नका, तुमचे घाला.

आता ६५ मीटरवर उभा असलेला माणूस कॅमेऱ्याला केवढा दिसतो ते बघा. १९२० पिक्सेल रुंदीचा सेन्सर आणि ६० अंशांची लेन्स असेल तर एका अंशाला ३२ पिक्सेल येतात. अर्धा मीटर रुंदीचा माणूस ६५ मीटरवरून ०.४४ अंशांत मावतो, म्हणजे १४ पिक्सेल. ओळखायला तेवढे पुरतात. पण तुमचं मॉडेल ६० फ्रेम पळतंय म्हणता, तेव्हा मला आधी हे विचारावंसं वाटतं की त्याला प्रतिमा किती रुंदीची देताय? बहुतेक ठिकाणी उत्तर ६४० असतं, कारण तयार मॉडेलं त्या मापाची मिळतात. ६४० केलं की त्याच माणसाचे जेमतेम ५ पिक्सेल उरतात. ६० फ्रेम पळतात खऱ्या, पण मॉडेलला तो माणूस नीट दिसायला लागतो तेव्हा ट्रक ३० मीटरवर येऊन पोचलेला असतो.

मग पूर्ण १९२० वर चालवायचं? पिक्सेल नऊपट, तर गणितही जवळजवळ नऊपट. समजा तुमचं मॉडेल ६४० च्या मापावर एका फ्रेमला २० अब्ज क्रिया करतं. पूर्ण मापावर १८० अब्ज झाल्या, सेकंदाला ३० फ्रेम धरल्या तर ५.४ टॉप्स. टॉप्स म्हणजे सेकंदाला एक लाख कोटी क्रिया, त्यामुळे कागदावर हे ८ मध्ये बसल्यासारखं दिसतं. प्रत्यक्षात बसणार नाही, त्याचं कारण पुढे सांगते.

आम्ही अशा वेळी प्रतिमा दोनदा चालवतो. पूर्ण चित्र लहान करून एकदा, आणि क्षितिजाजवळचा ६४० पिक्सेलचा तुकडा मूळ मापातच एकदा. तो तुकडा मधल्या २० अंशांचा असतो आणि ६५ मीटरवर त्यात जवळजवळ २३ मीटर रुंदी मावते, म्हणजे दोन्ही बाजूंच्या कडांसकट अख्खा रस्ता. जवळचं सगळं लहान चित्रात येतं, लांबचं या तुकड्यात. नऊपटीऐवजी दुप्पट गणित, म्हणजे १.२ टॉप्स. घाटात तुकडा सरळ समोर ठेवला तर त्यात दरीच दिसते, म्हणून स्टिअरिंगच्या कोनाप्रमाणे तो डावी-उजवीकडे सरकवायचा. बोरघाटात आम्ही हे पहिल्यांदा केलं तेव्हा वळणावरच्या थांबलेल्या गाड्या आधीच पकडल्या जाऊ लागल्या, चिप तीच होती.

आता छापील टॉप्सबद्दल. ही संख्या कशी निघते हे एकदा समजलं की तिचं दडपण जातं. टेस्लाने २०१९ मध्ये स्वतःची चिप दाखवली तेव्हा आतली रचना बरीच उघड केली होती, म्हणून तिचंच उदाहरण घेते. त्यात ९६ ओळी आणि ९६ रकाने अशी गुणाकार-बेरजेच्या एककांची जाळी आहे, म्हणजे ९,२१६ एककं. प्रत्येक एकक एका ठोक्याला एक गुणाकार आणि एक बेरीज करतं, आणि सेकंदाला २ अब्ज ठोके. गुणाकार करा, ३६.८ टॉप्स येतात. अशा दोन जाळ्या एका चिपमध्ये, म्हणून ७३ च्या पुढे. पण ही संख्या खरी होण्यासाठी प्रत्येक ठोक्याला सगळ्या ९,२१६ एककांच्या हातात ताजे आकडे असायला हवेत. तसं क्वचितच होतं. मॉडेलचं गणित थराथराने चालतं, आणि थर लहान असला की जाळीचा कोपराच भरतो. मोबाइलसाठी बनवलेल्या हलक्या मॉडेलांत प्रत्येक चॅनेलवर वेगळं कन्व्होल्यूशन (लहान चौकट प्रतिमेवर सरकवत केलेली गुणाकार-बेरीज) असतं, तिथे तर जाळी बरीचशी रिकामीच फिरते. माझ्या अनुभवात नीट बसवलेलं मॉडेलही छापील आकड्याच्या ३० ते ४० टक्के वापरतं. ८ चे ३५ टक्के म्हणजे २.८ टॉप्स. वरचे ५.४ त्यात मावत नाहीत, १.२ आरामात मावतात.

१०० टॉप्सवाल्या मॉड्यूलचं माहितीपत्रकही नीट वाचा. अनेक ग्राफिक्स मॉड्यूलांत ठळक छापलेली संख्या ही मॉडेलमधल्या दर चार वजनांपैकी दोन शून्य केली तरच मिळणारी असते. तुम्ही तशी छाटणी केली नसेल तर आकडा तिथेच निम्मा होतो.

गणितापेक्षा महाग असते ती आकड्यांची ने-आण, आणि हे नव्या इंजिनिअरांना कुणी सांगत नाही याचं मला वाईट वाटतं. स्टॅनफर्डचे मार्क होरोविट्झ यांनी २०१४ मध्ये मांडलेला ४५ नॅनोमीटरच्या चिपचा हिशोब मी प्रत्येक नव्या माणसाला फळ्यावर लिहून दाखवते. ८ बिटांच्या एका गुणाकाराला लागणारी ऊर्जा ०.२ पिकोज्यूल. ३२ बिटांचा एक शब्द चिपबाहेरच्या मेमरीतून, म्हणजे डीरॅममधून, वाचायला ६४० पिकोज्यूल. तीन हजारपटीहून जास्त. आज ट्रान्झिस्टर लहान झालेत, तरी बाहेरची मेमरी महाग हे बदललेलं नाही. टेस्लाने प्रत्येक जाळीशेजारी ३२ मेगाबाइट एसरॅम, म्हणजे चिपच्या आतली मेमरी, बसवली ती याचसाठी, फ्रेमचं काम जमेल तितकं चिपच्या आतच उरकायचं. म्हणून चिप निवडताना माझी नजर टॉप्सच्या आधी दोन गोष्टींवर जाते, आतली मेमरी किती आणि बाहेरच्या मेमरीचा रस्ता किती रुंद.

त्या रस्त्यावर तुमचं मॉडेल एकटं नसतं. एका जुन्या प्रकल्पात आमचा सरासरी वेळ २८ मिलिसेकंद होता आणि सगळे खूश होते. मी एक साधा प्रयोग लावला. कॅमेऱ्यासमोर एलईडी ठेवला, तो पेटताच कॅन बसवर संदेश जाईल एवढंच सॉफ्टवेअर ठेवलं, आणि ऑसिलोस्कोपचा एक प्रोब एलईडीच्या तारेवर, दुसरा कॅनच्या तारेवर. रात्रभर चालू ठेवलं. सकाळी पडद्यावर रेषांचा दाट पट्टा होता आणि त्याच्यापासून लांब उजवीकडे मोजक्या तुटक रेषा. सगळ्यांत लांबची १९० मिलिसेकंदांवर. शोधता शोधता सापडलं की चाचणीचा व्हिडिओ कार्डावर लिहिणारी प्रक्रिया दर काही मिनिटांनी साठलेला सगळा डेटा एकदम ओतत होती, आणि तेवढा वेळ मेमरीचा रस्ता तुंबत होता. ८० च्या वेगाला १९० मिलिसेकंद म्हणजे ४ मीटरहून जास्त. सरासरीत हे कधीच दिसलं नसतं. तेव्हापासून मी सरासरी विचारणंच सोडलं. सर्वांत वाईट वेळ किती, एवढंच विचारते.

तुमच्या १०० टॉप्सच्या मॉड्यूलवर हा प्रयोग नक्की करा. त्यावर साधं लिनक्स, शेअर्ड मेमरी आणि पाठीमागे चालणाऱ्या कितीतरी सेवा असतात. ६० फ्रेमचा आकडा तिथे सरासरीचाच असणार.

आता ऊन. काचेमागे आरशाजवळ कॅमेरा बसवला की त्याला पंखा नाही, वाऱ्याचा झोत नाही, आणि समोरून थेट ऊन. मे महिन्यात नागपूरजवळ आम्ही दुपारी गाडी उभी करून तापमापक लावला होता तेव्हा डब्याचं बाहेरचं तापमान ८४ अंश भरलं. त्या वेळच्या चिपने स्वतःला वाचवण्यासाठी वेग कमी केला आणि ३० फ्रेमच्या १९ झाल्या. एसी प्रयोगशाळेत हे सहा महिन्यांत एकदाही दिसलं नव्हतं. गाडीत वापरायच्या चिपना एईसी-क्यू१०० ही पात्रता असते. तिचा दुसरा दर्जा उणे ४० ते १०५ अंशांचा आहे. तुम्हाला निदान तो लागेल. काचेमागच्या बंद डब्यात पंख्याशिवाय ५ ते १० वॅटपेक्षा जास्त उष्णता बाहेर काढणं मला तरी कधी जमलेलं नाही. १०० टॉप्सचं मॉड्यूल भरात आलं की त्याच्या कितीतरी पुढे जातं. मग तो डबा काचेमागून उचलून सीटखाली न्यावा लागतो, कॅमेऱ्यापासून तिथपर्यंत कोॲक्सियल केबल टाकावी लागते, आणि ट्रकच्या धक्क्यांत टिकणारे कनेक्टर शोधावे लागतात. ते जमतं, पण आता हे उत्पादन वेगळं झालं आणि त्याची किंमतही वेगळी.

लहान चिपवर गंभीर काम होत नाही असं वाटत असेल तर मोबिलायकडे बघा. आम्नोन शाशुआ आणि झिव्ह अविराम यांनी १९९९ मध्ये जेरुसलेमला सुरू केलेली ही कंपनी. २०१४ मध्ये टेस्लाच्या पहिल्या ऑटोपायलटमध्ये मोबिलायची आयक्यू३ ही चिप होती, त्या चिपची क्षमता एका टॉप्सच्या जवळपास चौथाई. २०१८ ची आयक्यू४ अडीच टॉप्सची, आणि तिला वीज लागते ती तीन वॅटच्या आसपास. या चिपांवर लाखो गाड्या स्वतः ब्रेक लावतात. हे त्यांना जमलं कारण चिप आणि अल्गोरिदम एकाच घरात, एकमेकांसाठी घडले. तुमचं मॉडेल बाहेरचं आणि चिपही बाहेरची, म्हणून तुम्हाला त्यांच्यापेक्षा जास्त मोकळी जागा लागेल. ती तिप्पट धरा, तीसपट धरू नका.

चिपमध्ये टॉप्सबाहेर काय असतं हेही बघा, कारण काही वेळा तेच जास्त महत्त्वाचं ठरतं. पहिलं, सेन्सरकडून आलेल्या कच्च्या प्रतिमेवर संस्कार करणारा भाग, इमेज सिग्नल प्रोसेसर. द्रुतगती मार्गावर भाताणच्या बोगद्यातून बाहेर पडताना आत अंधार आणि तोंडाशी भगभगीत ऊन, दोन्ही एकाच फ्रेममध्ये असतात. गाडीचे सेन्सर १२० डेसिबलपर्यंत, म्हणजे अंधार आणि उजेडात दहा लाखपटींचा फरक, पकडू शकतात. पण ते सगळं चिपमधल्या या भागाला त्या फ्रेमच्या वेळेत पचवता आलं पाहिजे. नाही पचलं तर बोगद्याच्या तोंडाशी उभी गाडी पांढऱ्या उजेडात विरघळते, आणि मॉडेल कितीही मोठं असलं तरी त्याच्यापर्यंत ती पोचतच नाही. एलईडी दिव्यांचं लुकलुकणंही इथेच सांभाळावं लागतं. एक्स्पोजर लहान ठेवलं तर पुढच्या गाडीचा ब्रेकलाइट एका फ्रेममध्ये पेटलेला, पुढच्यात विझलेला दिसतो.

दुसरं, सुरक्षेचा भाग. नुसता इशारा देत असाल तर चुकीची किंमत एक बीप. ब्रेक लावत असाल तर हायवेवर ट्रक विनाकारण थांबू शकतो आणि मागून येणारा आदळू शकतो. ट्रकमध्ये ही मागणी जे१९३९ वरून (ट्रकच्या कॅन बसवरची संदेशांची ठरलेली पद्धत) एक्सबीआर या ब्रेक मागणाऱ्या संदेशाने ब्रेकच्या कंट्रोलरकडे जाते. तो संदेश जिथून निघतो ती जागा विश्वासाची हवी. टीडीए४व्हीएममध्ये आर५एफ कोअरच्या जोड्या आहेत, त्या लॉकस्टेपमध्ये चालवता येतात. दोन्ही तेच काम करतात आणि उत्तर जुळलं नाही की चूक लगेच पकडली जाते. आयएसओ २६२६२ या गाड्यांतल्या इलेक्ट्रॉनिक्सच्या सुरक्षेच्या मानकाप्रमाणे जो युक्तिवाद तुम्हाला ग्राहकापुढे मांडावा लागेल, त्याचा पाया असल्याच गोष्टींवर उभा राहतो. डेव्हलपमेंट मॉड्यूलवर तो पाया तुम्हाला बाहेरून वेगळा कंट्रोलर लावून स्वतः बांधावा लागेल.

८ टॉप्सच्या बाजूने बोलते आहे, तर तिकडची अडचणही सांगायला हवी. असल्या चिपवर मॉडेल बसवणं वेळखाऊ असतं. मॉडेलचे काही थर तिच्या प्रवेगकाला, म्हणजे मॉडेलचं गणित करणाऱ्या खास भागाला, येतच नाहीत, ते मुकाट्याने साध्या कोअरवर ढकलले जातात आणि फ्रेमचा वेळ चौपट होतो. कंपाइलरचा लॉग ओळ न् ओळ वाचा. ट्रान्सफॉर्मर पद्धतीचं मॉडेल असेल तर हा त्रास आणखी वाढतो. शिवाय मॉडेलमधले आकडे ३२ बिटांवरून ८ बिटांवर उतरवताना अचूकता घसरते, आणि ती सगळीकडे सारखी घसरत नाही. आमच्याकडे एकदा एकूण अचूकता एका टक्क्यानेही कमी झाली नव्हती, पण रात्रीच्या दुचाकी गायब होऊ लागल्या. कॅलिब्रेशनसाठी, म्हणजे ८ बिटांची मोजपट्टी ठरवायला, दिलेल्या फ्रेम सगळ्या दिवसाच्या होत्या, त्यामुळे अंधारातल्या बारीक फरकांना ८ बिटांत जागाच उरली नव्हती. रात्रीच्या दोनेकशे फ्रेम त्यात घातल्या आणि दुचाकी परत दिसू लागल्या. चिप ठरवताना या कामाला चौघांतला एक माणूस निदान तीन-चार महिने द्यावा लागेल हे धरून चाला.

आणि एक गोष्ट कुठल्याच चिपने सुटत नाही. तुमचे ट्रक पश्चिम महाराष्ट्रात फिरणार असतील तर उसाच्या हंगामात रात्री पुढे दोन ट्रॉल्या लावलेला ट्रॅक्टर असणार. मागे दिवा नाही, रिफ्लेक्टर चिखलाने माखलेला, आणि उसाच्या मोळ्या इतक्या बाहेर आलेल्या की वाहनाचा आकारच उरत नाही. वाहन, माणूस, दुचाकी एवढेच वर्ग शिकलेलं मॉडेल तिथे गप्प बसतं. २०१८ च्या मार्चमध्ये ॲरिझोनातल्या टेंपीत उबरच्या चाचणी गाडीने सायकल ढकलत रस्ता ओलांडणाऱ्या बाईला उडवलं, त्याचा अधिकृत चौकशी अहवाल तुमच्या टीमने एकत्र बसून वाचावा असं मला मनापासून वाटतं. धडकेच्या ५.६ सेकंद आधी ती यंत्रणेला दिसली होती. पण कधी वाहन, कधी इतर काही, कधी सायकल अशी ओळख बदलत राहिली, आणि दर वेळी ओळख बदलली की मागचा माग सोडून दिला जात होता. गणिताची ताकद तिथे भरपूर होती. म्हणून तुमच्या आराखड्यात एक शाखा अशी ठेवा जी ‘हे काय आहे’ असं न विचारता ‘पुढचा रस्ता मोकळा आहे का’ एवढंच सांगेल, आणि ब्रेकच्या टप्प्याला जोडीला रडार घ्या. प्रशिक्षणासाठी हैदराबादच्या ट्रिपल आयटीचा इंडियन ड्रायव्हिंग डेटासेट बघा. १० हजार फ्रेम आणि ३४ वर्ग आहेत, आणि त्यात रिक्षा, जनावरं आणि डांबराच्या कडेची गाडी जाऊ शकेल अशी माती हे वेगळे मांडले आहेत. ट्रकच्या उंचीवरून घेतलेला आणि रात्रीचा डेटा मात्र तुम्हालाच गोळा करावा लागेल.

तेव्हा माझं उत्तर असं. एकच पुढचा कॅमेरा, ताशी ८० पर्यंतचा ट्रक, आधी इशारा आणि मग ब्रेक, एवढंच असेल तर ८ टॉप्सची गाडीसाठी बनलेली चिप घ्या. १०० टॉप्सचं मॉड्यूलही विकत घ्या, पण ते डेटा गोळा करणाऱ्या गाडीत लावा. तिथे मोठं मॉडेल चालवून लहान मॉडेल कुठे चुकतंय ते पकडता येतं. चारही बाजूंना कॅमेरे लावून वरून दिसणारा नकाशा बनवणारं मॉडेल पुढच्या दोन वर्षांत येणार असेल, तर मात्र साहेबांचं म्हणणं बरोबर आहे, तेव्हा ८ पुरणार नाहीत. तसं असेल तरी गाडीच्या पात्रतेची मोठी चिप शोधा, हे मॉड्यूल नको. आणि वर्षाला किती नग लागतील, पुरवठादार ती चिप १० वर्षं देईल का, हे लेखी घ्या. ट्रक तितकी वर्षं रस्त्यावर असतो.

ऑर्डर देण्याआधी एलईडीचा प्रयोग दोन्ही बोर्डांवर लावा. निदान १२ तास, व्हिडिओ लिहिणं चालू ठेवून, आणि शक्य असेल तर बोर्ड ८५ अंशांच्या ओव्हनमध्ये ठेवून. मग मला तीन आकडे कळवा: सर्वांत वाईट वेळ, मॉडेलला दिलेल्या प्रतिमेची रुंदी, आणि लेन्सचा कोन. त्यावरून तुमचा ट्रक किती मीटरवर माणूस ओळखेल ते आपण इथेच मांडून बघू.